तेवीस आंधळ्या कमानी

माझ्या पुस्तकातलं एकशे बारावं पान झेरॉक्स काढून, नोटिशीला टाचून, रंगारी गल्लीतल्या तेवीस बिऱ्हाडांना वाटण्यात आलं आणि मला त्याचा पत्ताच नव्हता. कळलं ते एका सकाळी दाराची बेल वाजली तेव्हा. दारात साठी ओलांडलेल्या एक उंच बाई उभ्या होत्या, हातात प्लास्टिकची पिशवी. त्यांचे दोन्ही हात कोपरापर्यंत निळे होते, रंग कातडीच्या रेषारेषांत मुरलेला आणि नखं जवळजवळ काळी. गल्लीत त्यांना सगळे मामी म्हणतात हे मला नंतर कळलं. त्यांनी नावगाव काही सांगितलं नाही, कागद पुढे केला आणि एका वाक्यावर बोट ठेवलं.

"हे तुम्ही लिहिलंय?"

'रंगारी गल्लीत त्या काळी लोकवस्ती नव्हती. तेथे केवळ कामाच्या जागा होत्या.' वाक्य माझंच होतं. खरं सांगते, क्षणभर मला बरंच वाटलं. एकतीस वर्षांपूर्वीचं पुस्तक, ग्रंथालयांत धूळ खात पडलेलं, आणि त्याचं पान घेऊन कुणीतरी दारात आलंय. सही मागायला आल्यात अशा थाटात मी "हो, मीच" म्हटलं.

"मग आमच्याकडे कधी आला होतात?"

मी त्यांना आत बसवलं आणि नोटीस वाचली. गल्ली आता वारसा विभाग म्हणून जाहीर झाली होती. तिथे रंगकामाचं संग्रहालय होणार होतं, कॉफी पीत बसायला जागा होणार होती आणि रस्त्याकडच्या भिंतीवर दिवे लागणार होते. एवढं मला ठाऊक होतं, कारण मी त्या प्रकल्पाची सल्लागार होते. ठाऊक नव्हता तो पुढचा भाग. त्रेसष्ट वर्षांपूर्वीच्या शिरगणतीत ज्यांची घरं नोंदलेली आहेत ते मूळ रहिवासी, त्यांना राहता येईल. बाकीच्यांनी महिन्याभरात जागा रिकामी करायची. त्या शिरगणतीत रंगारी गल्लीत एकही घर नव्हतं, आणि याला विद्वानांचा दाखला म्हणून खाली माझं पान जोडलेलं.

मी मामींना समजावायला गेले. म्हटलं, मी मनाने काही लिहिलेलं नाही. शिरगणतीची मूळ वही मी स्वतः पाहिली आहे, तीत त्या गल्लीसमोर स्पष्ट लिहिलंय, घरे: निरंक. मामींनी ऐकून घेतलं, पाण्याचा पेला खाली ठेवला.

"माझ्या सासूची चार बाळंतपणं त्या निरंकात झाली," त्या म्हणाल्या, आणि पिशवी उचलून निघून गेल्या.

माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. चाळीस वर्षं मी इतिहास शिकवला. पहिल्या तासाला मुलांना सांगायचे, कागद नसेल तर तोंड बंद ठेवा. आणि आता कुणी तरी येऊन घरगुती आठवणींच्या बळावर मला खोटं पाडणार? दिवसभर मी भांडी आपटली. माझा नवरा दातांचा डॉक्टर; दवाखाना बंद केल्यापासून त्याला घरातल्या प्रत्येक गोष्टीत कीड दिसते. संध्याकाळपर्यंत त्याने कळ काढली आणि मग एवढंच विचारलं की त्या बाईंच्या प्रश्नाचं उत्तर काय होतं. कुठल्या प्रश्नाचं, मी विचारलं. "तू त्यांच्याकडे कधी गेली होतीस?"

मी गेले होते. म्हणजे रस्त्यावरून गेले होते. अभिलेखागारापासून रंगारी गल्ली सात मिनिटांवर आहे. दोन वर्षं मी अभिलेखागाराच्या त्या कोंदट खोलीत काढली, आणि एका दुपारी वही मिटून गल्लीची भिंत बघायला गेले. लांबलचक विटांची भिंत, एकही दार नाही, खिडकी नाही. मात्र सारख्या अंतरावर तेवीस कमानी, आतून विटांनी भरलेल्या. वास्तुकलेच्या भाषेत यांना आंधळ्या कमानी म्हणतात, निव्वळ शोभेच्या. मी पट्टी लावून त्यांचं चित्र काढलं आणि बांधणाऱ्याच्या अभिरुचीवर दोन परिच्छेद लिहिले. ते परिच्छेद लोकांना फार आवडले. शाळेच्या पाठ्यपुस्तकात गेले. प्रकल्पाच्या निमित्ताने पुस्तकाची नवी आवृत्ती निघत होती, तिच्या मुखपृष्ठावर त्याच कमानी होत्या, आणि होणाऱ्या संग्रहालयाची प्रमुख म्हणून माझं नाव जवळपास पक्कं होतं. मला ते पद हवं होतं. हवं नव्हतं असं म्हणण्यात काही अर्थ नाही.

दुसऱ्या दिवशी मी गल्लीत गेले, मामींना खोटं पाडायच्याच इराद्याने. भिंतीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालले आणि मग लक्षात आलं की आत शिरायचं कसं हेच मला माहीत नाही. एका दुकानदाराने हसून नदीच्या पायऱ्यांकडे बोट दाखवलं. पायऱ्या उतरून, चपला हातात घेऊन, काठाकाठाने घोट्याएवढ्या पाण्यातून चालावं लागतं. वळण संपलं आणि समोर दारं दिसली. निळी, हिरवी, पत्रा ठोकलेली, एकाला नवी कडी. पाण्याकडे तोंड करून ओळीने तेवीस दारं.

मामींचं दार शेवटचं. त्यांना माझं आश्चर्य वाटलं नाही, आनंद तर नाहीच. समोरच्या खोलीत जमिनीत पुरलेले चार रांजण होते, त्यांवर घोंगड्या पांघरलेल्या, आणि असा वास की पहिल्यांदा नाकाला पदरच लावावा. मागच्या खोलीत पलंग, शिवणयंत्र, भिंतीवर पाच मिनिटं पुढे असलेलं घड्याळ, दोरीवर सुनेचे कपडे. मी उलटतपासणी सुरू केली. त्या काळी तुमची माणसं इथे राहायची की कामापुरती यायची? मामींनी एका रांजणावरची घोंगडी बाजूला केली. वर तांबूस तवंग होता आणि मधोमध निळा फेस. नीळ अशी आंबवून जिवंत ठेवावी लागते, त्या म्हणाल्या. तिला कोंडा घालायचा, चुना घालायचा, ऊब द्यायची, दिवसातून दोनदा ढवळायची. दोन दिवस बघितलं नाही की रांजण मेला, मग वर्षभराची मेहनत पाण्यात. हा रांजण त्यांच्या आजेसासऱ्यांनी लावला होता आणि आजवर एकदाही रिकामा झाला नव्हता.

"तान्हं मूल कामाच्या जागी ठेवून कुणी घरी जातं का?" त्यांनी विचारलं.

माझे गुडघे दुखत होते. मी मागच्या खोलीत, रस्त्याकडच्या भिंतीच्या तळाशी एक दगडी पट्टा होता त्यावर टेकले. टेकल्यावर जाणवलं की दगड मधोमध खोलगट आहे, अगदी बसण्यासाठी घडवल्यासारखा. मी उठून पाहिलं. दोन्ही कडांना तो दगड कोरा, टोकदार होता आणि मधे गुळगुळीत झिजलेला. झिजलेला दगड मला ओळखता येतो. हा उंबरा होता. वर बघितलं तर गिलाव्याखालून कमानीचा आकार दिसत होता. भिंतीच्या पलीकडे रस्ता होता, आणि रस्त्याच्या बाजूने माझी तेविसावी आंधळी कमान.

मामी माझ्याकडे बघत होत्या. दारं आम्ही नाही बुजवली, त्यांनी सांगितलं. रंगाचं पाणी रस्त्यावर येतं अशी वरच्या पेठेतल्या लोकांनी तक्रार केली, आणि नगरपालिकेचा हुकूम निघाला की रस्त्याकडची सगळी दारं बंद करा, तुमचं येणंजाणं नदीकडून ठेवा. विटा लावायला गल्लीतलीच माणसं लावली. तीन वर्षांनी नगरपालिकेचाच शिरगणतीचा कारकून आला, रस्त्याने चालत गेला, भिंत बघितली आणि निरंक लिहून मोकळा झाला. त्यानंतर बत्तीस वर्षांनी मी आले. कारकुनाला निदान इतिहासाची पदवी नव्हती. मी त्या बुजवलेल्या दारांना शोभेच्या कमानी म्हटलं. माणसांची दारं चिणून टाकली होती आणि मी बांधणाऱ्याच्या अभिरुचीवर लिहीत बसले होते. इतकी लाज मला आयुष्यात कधी वाटली नव्हती.

"कागद आहे का काही?" मी विचारलं. सवय जात नाही. पण या वेळी मला तो सापडायला हवा होता.

मामींनी पलंगाखालून पत्र्याचा डबा ओढला. त्यात सुतळीत ओवलेल्या कापडाच्या पट्ट्या होत्या, बोटाएवढ्या लांब, शेकड्यांनी. त्यांच्या धंद्याची ही जुनी रीत. सरकारी खात्यांचं कापड रंगवायला यायचं, अग्निशमनवाल्यांच्या वर्द्या, इस्पितळाचे पडदे, बँडवाल्यांचे डगले. सगळा गठ्ठा रंगात घालण्याआधी एक पट्टी रंगवून पाठवायची. पट्टीचं एक टोक पांढरंच ठेवायचं. त्या पांढऱ्या टोकावर भांडारपाल शिक्का मारून 'पसंत' लिहायचा, तारीख टाकायचा, आणि गठ्ठा घेऊन येणाऱ्या शिपायाला घर सापडावं म्हणून पत्ताही लिहायचा. रंगावरून पुढे वाद होऊ नये म्हणून रंगाऱ्यांनी या पट्ट्या जपून ठेवल्या. मी भिंग काढलं. पट्ट्या तारखेने लावत गेले. मामींची सून चहा ठेवून गेली, तो तसाच निवला. तिसऱ्या सुतळीवर ती पट्टी मिळाली. नगरपालिकेच्या भांडाराचा गोल शिक्का, शिरगणतीच्या आठ महिने आधीची तारीख, आणि बारीक, सुबक अक्षर: 'नदीकडून दार शेवटचे. बाई घरी असतात, त्यांजकडे द्यावे.'

ज्या कचेरीला गल्लीत घरं दिसली नाहीत, तिच्याच भांडारपालाला दारं पाठ होती. घरी कोण असतं हेही त्याला माहीत होतं. मी ती ओळ मामींना वाचून दाखवली. त्यांनी सासूची ती पट्टी माझ्या हातातून घेऊन पुन्हा सुतळीत नीट सरळ केली. मग शेजारपाजारच्या घरांतून आणखी डबे आले. संध्याकाळपर्यंत एकोणीस दारांच्या पट्ट्या सापडल्या. उरलेल्या चार घरांचे डबे कुठल्याशा पुरात गेले होते.

प्रकल्पाचा नगरपालिकेतला सचिव माझाच विद्यार्थी. वर्गात आम्ही त्याला तळटीप म्हणायचो, कारण साधं रजेचं पत्र लिहिलं तरी तो खाली संदर्भ द्यायचा. हुशार, कष्टाळू, माझं पुस्तक त्याला जवळजवळ पाठ. मी त्याच्या कचेरीत जाऊन सगळं सांगितलं तेव्हा मला वाटलं, तो ताडकन उठेल. तो उठला, पण दार लावून घ्यायला. त्याने पट्ट्यांचे फोटो शांतपणे पाहिले. मग म्हणाला की मॅडम, हे फार मोलाचं आहे, पुढच्या आवृत्तीत शुद्धिपत्र टाकू. सुनावणी चार दिवसांवर होती, तिच्यात हे नको. कमानी शोभेच्या म्हणून भिंतीला संरक्षण मिळालंय. त्या बुजवलेली दारं ठरल्या तर उद्या कुणी त्या उघडा म्हणेल. दिवे बसवून झालेत. मुखपृष्ठ छापून झालंय.

"आणि माणसं?" मी विचारलं.

"त्यांची आठवण आपण ठेवणारच ना," तो म्हणाला. "संग्रहालयात शिरल्या शिरल्या मामींच्या हातांचा मोठा फोटो लावू. भिंतभर."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. हात हवे होते, हातांची बाई नको होती. मी त्याला म्हटलं, त्या फोटोसाठी भिंत शोधून ठेव, कारण माझ्या हयातीत तरी ती गल्लीची नसेल. तो नम्रपणे दारापर्यंत पोचवायला आला. माझेच विद्यार्थी इतके नम्र का निपजले, याचाही कधीतरी विचार करायला हवा.

चार दिवस मी घरात येरझाऱ्या घातल्या. पुस्तक चुकीचं म्हणायचं म्हणजे नुसतं एक वाक्य खोडायचं नव्हतं. त्या वाक्यावर एक प्रकरण उभं होतं, प्रकरणावर पुस्तक, आणि पुस्तकावर मी. नवऱ्याला विचारलं तर तो वर्तमानपत्रातून डोकं न काढता म्हणाला, "मूळच किडलं असेल तर वरून चांदी भरून उपयोग नाही. दात काढावाच लागतो. दुखतं, पण लोक जेवायला लागतात."

सुनावणी नगरभवनाच्या वरच्या दालनात होती. लांब टेबल, त्यावर पाण्याच्या बाटल्या, मागे कमानींचं रंगीत चित्र छापलेला फलक आणि माझ्या नव्या आवृत्तीची नमुना प्रत, उभी करून ठेवलेली. अध्यक्ष एक निवृत्त न्यायाधीश बाई होत्या. प्रत्येक वाक्य लिहून झालं की पेनाला टोपण लावायच्या आणि पुढच्या वाक्याला पुन्हा काढायच्या. गल्लीतली माणसं मागच्या बाकांवर बसली होती. मी सल्लागारांच्या खुर्चीवर न बसता मागे मामींच्या शेजारी जाऊन बसले. शिपायाने दोनदा येऊन पुढे चला म्हटलं. मी ऐकलं नाही.

तळटीपने एकशे बारावं पान मोठ्याने वाचलं. वाचतो छान, मीच शिकवलंय. मग त्याने मला विचारलं, हे विधान आपलंच ना.

"माझंच," मी उभी राहून म्हटलं. "आणि ते चुकीचं आहे."

मग मी सांगत गेले. भिंत, उंबरा, हुकूम, रस्त्याने चालत गेलेला कारकून, त्याच्या मागोमाग चालत गेलेली मी. मी आवाज चढवायचा नाही असं ठरवून आले होते, ते काही जमलं नाही. कमानी शोभेच्या नाहीत, ती या लोकांची बुजवलेली दारं आहेत, असं म्हणताना माझा हात त्या फलकाकडे गेला. अध्यक्षबाईंनी टोपण लावलं आणि सचिवांकडे पाहिलं.

तळटीप उठला. तो जे बोलला ते मी त्याच्या जागी असते तर मीही बोलले असते. "मॅडम, तुम्हीच आम्हाला शिकवलंत, कागदाशिवाय बोलू नका. एकतीस वर्षं आम्ही तुमच्या पुस्तकावर विसंबलो. ते पुस्तक चुकलं असेल, तर ज्या लेखिकेने ते लिहिलं तिच्या आजच्या शब्दावर समितीने का विसंबावं?"

खोटं कशाला बोलू, मला एक क्षण त्याचा अभिमान वाटला. दुसऱ्या क्षणी राग आला, आणि रागात मला नेहमीच स्पष्ट दिसतं.

"विसंबू नका," मी म्हटलं. "अगदी बरोबर बोललास. पुस्तक बाजूला काढा. मलाही काढा. सल्लागारपद मी आत्ता सोडलं, संग्रहालयाचंही माझ्यासाठी कुणी खोळंबून राहू नये. आता सांग, या गल्लीत घरं नव्हती असं म्हणायला तुझ्याकडे काय उरलं? एका माणसाने रस्त्यावरून चालता चालता लिहिलेला एक शब्द. तो कारकून नदीकडे उतरला नाही, मीही उतरले नाही. जे उतरले त्यांचा कागद बघा."

मामी उठल्या. डबा त्यांनी टेबलावर ठेवला, माझ्या पुस्तकाची नमुना प्रत शांतपणे आडवी केली, कारण ती मधे येत होती, आणि सुतळी पसरली. अध्यक्षबाईंनी चष्मा बदलला. एक एक पट्टी वाचत गेल्या. भांडारपालाची ती ओळ त्यांनी दोनदा वाचली, दुसऱ्यांदा मोठ्याने. तळटीप मागून वाकून बघत होता. शिक्का त्याच्याच कचेरीचा होता आणि तो त्याला नाकारता येत नव्हता. तरी त्याने एक प्रयत्न केला. म्हणाला, अशा चिंध्यांना अधिकृत दस्तऐवज मानायचं का याचा विचार व्हावा.

"साहेब, ती तुमच्या आगीच्या बंबावरच्या लोकांची वर्दी आहे," मामी म्हणाल्या. "तुमच्याच माणसाने पसंत लिहिलंय. चिंधी म्हणू नका."

मागच्या बाकांवर कुणीतरी खाकरलं. अध्यक्षबाईंनी पेन उघडलं आणि बराच वेळ बंद केलं नाही. निर्णय असा दिला: शिरगणतीतला 'निरंक' यापुढे दाखला धरला जाणार नाही; स्थळपाहणी आजच होईल, नदीच्या बाजूने. सचिवांनी स्वतः प्रत्येक दारापाशी जाऊन मोजायचं आणि तक्त्यात 'घर' किंवा 'कामाची जागा' यांपैकी एक लिहायचं. ज्याच्यासमोर 'घर' लिहिलं जाईल ते मूळ रहिवासी, त्यांची नोटीस रद्द. तळटीपने विचारलं की उद्या सकाळी केली तर चालेल का. नाही, त्या म्हणाल्या.

साडेचारला आम्ही पायऱ्यांवर होतो. अध्यक्षबाईंचे गुडघे माझ्यासारखेच, त्या वरच्या पायरीवर बसल्या आणि तिथून ऐकू येईल इतक्या मोठ्याने मोजा म्हणाल्या. सुनावणीतला शब्द न् शब्द टिपणाऱ्या लघुलेखिकेने वही प्लास्टिकच्या पिशवीत धरली होती. तळटीपने बूट काढून एका हातात घेतले, विजार पोटरीपर्यंत गुंडाळली आणि पाण्यात पाय टाकला. थंड होतं, ते त्याच्या चेहऱ्यावरून कळलं. लघुलेखिका आणि मी त्याच्या मागोमाग उतरलो. गल्लीतली माणसं आमच्याआधीच आपापल्या घरी गेली होती. मामींनी त्यांना काय सांगितलं होतं कोण जाणे, पण कुणी बाहेर गर्दी करून उभं नव्हतं. सगळी दारं लावलेली होती.

पहिलं दार त्याने वाजवलं. एका म्हाताऱ्याने उघडलं, मागे अंथरुणावर कुणी आजारी बाई होत्या. "एक," तळटीप म्हणाला. काय लिहिलं, वरून आवाज आला. त्याने क्षणभर तक्त्याकडे पाहिलं. "घर," तो म्हणाला. दुसरं दार, तिसरं. एका दारात एक मुलगी केस विंचरत होती, तिने फणी न थांबवता त्याच्याकडे पाहिलं. एका ठिकाणी नुकतंच जेवण झालं होतं, ताटं पडलेली होती. चार घरांचे डबे पुरात गेले होते हे मी वर ओरडून सांगायला हवं होतं का, असं मला वाटत होतं, पण ती दारं उघडली तेव्हा सांगायची गरज पडली नाही. त्याचा आवाज सुरुवातीला लहान होता. दहाव्या दारानंतर वरून दोनदा "मोठ्याने" अशी ताकीद आल्यावर तो मोठा झाला. बावीसपर्यंत आलो तेव्हा त्याच्या विजारीची एक बाजू सुटून भिजली होती आणि बावीस ओळींत एकच शब्द लिहिलेला होता.

तेविसावं दार मामींचं. त्याने कडी वाजवली. आतून काही हालचाल नाही. पुन्हा वाजवली. मला वाटलं, मामी बाहेर गेल्या की काय. तळटीपने बूट या हातातून त्या हातात घेतले आणि बंद दारासमोर कुणीही म्हणेल तसं तो म्हणाला, "घरात कोणी आहे का?"

"लिहिलं," लघुलेखिका माझ्याकडे न बघता म्हणाली.

दार उघडलं. मामी दारात उभ्या होत्या, पाठीमागे ओली, चकचकीत फरशी. त्यांनी त्याच्याकडे पाहिलं, मग त्याच्या पायांकडे. घोट्यापर्यंत गाळ होता. त्यांनी आतून एक फडकं आणलं आणि त्याच्यासमोर धरलं.

"आत्ताच पुसून घेतलंय," त्या म्हणाल्या. "पाय पुसा, मग आत या."

त्याने बूट आणि तक्ता माझ्या हातात दिला, वाकून आधी उजवा पाय पुसला, मग डावा, आणि मामी बाजूला होईपर्यंत दाराबाहेरच उभा राहिला.